दुय्यम भूमिकेचा थोर नट

हिवाळ्यात आपल्या मोरजीच्या टेंबवाड्यावर मादी कासव समुद्रातून वर येते, वाळूत शंभराच्या आसपास अंडी घालते आणि रात्रीच परत फिरते. पुढे दीडदोन महिने त्या जागेभोवती पहारा असतो. पहारेकऱ्याचे काम दिसावयास लहान : जागे राहावयाचे आणि घाई करावयाची नाही. ‘कासव’ हा मराठी चित्रपट ज्या वाचकांनी पाहिला असेल, त्यांना असाच एक राखणदार, दत्ताभाऊ, आठवेल. ती भूमिका डॉ. मोहन आगाशे यांची.

आगाशे यांचा जन्म १९४७ साली भोर येथे झाला. पुण्यात ते मनोविकारशास्त्राचे प्राध्यापक होते. दिवसा रुग्णांचे ऐकावयाचे आणि सायंकाळी तोंडाला रंग लावावयाचा, असा त्यांचा क्रम. १९७२ साली रंगभूमीवर आलेल्या ‘घाशीराम कोतवाल’ मधील त्यांचा नाना फडणवीस गाजला. १९८० मध्ये हे नाटक युरोपच्या दौऱ्यावरही गेले. चित्रपटांत मात्र नायकपद त्यांच्या वाट्यास क्वचितच आले. श्याम बेनेगल यांच्या ‘निशांत’ मध्ये ते जमीनदाराच्या उन्मत्त भावांपैकी एक होते. हा चित्रपट १९७६ साली फ्रान्समधील कान महोत्सवाच्या स्पर्धेत होता.

१९८१ साली सत्यजित राय यांनी प्रेमचंदांच्या कथेवरून ‘सद्गती’ काढला. त्यात आगाशे गावचे पंडित झाले. दारी आलेल्या उपाशी, आजारी दुखीला ते लाकूड फोडावयास लावतात. तो तेथेच मरतो. आणि अखेर विटाळ टाळण्यासाठी प्रेताच्या पायात दोरीचा फास अडकवून ते स्वतःच ते ओढीत नेतात. या पंडितात राक्षस दिसत नाही. दिसतो तो स्वतःस सज्जन समजणारा, तुमच्याआमच्यासारखा गृहस्थ. म्हणूनच पाहणारा खजील होतो. चरित्रनटाचे सामर्थ्य ते हेच : स्वतः न झळकता तो सत्य उजळतो.

‘कासव’ ची निर्मितीही आगाशे यांनी सुमित्रा भावे व सुनील सुकथनकर यांच्यासह केली. २०१६ सालचे सुवर्णकमळ त्यास मिळाले; ‘श्यामची आई’, ‘श्वास’, ‘देऊळ’ व ‘कोर्ट’ यांच्यानंतर हा मान मिळविणारा तो पाचवा मराठी चित्रपट. कथा आहे जीविताला विटलेल्या एका तरुणाची. जानकी नावाची स्त्री त्याला आसरा देते. पण तिच्या घरी त्याला कोणी खोदून विचारीत नाही, उपदेश करीत नाही. त्याला जेवू घालतात, सोबत देतात आणि वाट पाहतात.

वाचकहो, आपल्याही घरांत एखादा मुलगा दार लावून गप्प बसतो. आपण त्याला आळशी म्हणतो, शेजारच्या मुलाचा दाखला देतो. आम्ही धर्मगुरूही पुष्कळदा ऐकण्याआधी बोलू लागतो. वस्तुतः मनाचा आजार हाही आजारच. मनाच्या वैद्याकडे जाण्यात लाज कसली? प्रार्थना अवश्य करावी. परंतु ती औषधाची आणि सोबतीची जागा अडविण्यासाठी नव्हे.

त्या मुलाच्या जीवनात मुख्य भूमिका त्याचीच आहे. आपली दुय्यम. ती नीट वठविली, तर टेंबवाड्यावरच्या पिलाप्रमाणे तोही एके दिवशी आपल्या पायांनी पाण्याकडे निघेल.