बेटावरचे जीवन आणि आयर्लंडचे साहित्य

आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्यावर, गॉलवेच्या उपसागराच्या मुखाशी, तीन लहान बेटे एका ओळीत पसरलेली आहेत. इनिश मोर, इनिश मान आणि इनिश ईर ही त्यांची नावे. तिन्ही मिळून त्यांना अ‍ॅरन बेटे म्हणतात. ही बेटे म्हणजे चुनखडीच्या उघड्या खडकाची पठारे होत. मुळात येथे शेतीजोगी माती फारच थोडी. तेव्हा बेटावरच्या माणसांनी खडकाच्या भेगा बुजवल्या, त्यांवर वाळू आणि समुद्रातून वाहून आलेले शेवाळ यांचे थर पसरले आणि वर्षानुवर्षे खपून बटाट्यापुरती जमीन स्वतःच तयार केली. ही माती वाऱ्याने उडून जाऊ नये म्हणून प्रत्येक तुकड्याभोवती दगडांचे गडगे रचले. झाडे जवळजवळ नाहीतच. त्यामुळे घराच्या तुळईपासून शवपेटीपर्यंत सर्व लाकूड मुख्य भूमीवरून होडीने आणावे लागे. जळणदेखील तिकडूनच येई. मासेमारीची होडी म्हणजे लाकडी पट्ट्यांच्या सांगाड्यावर ताणून बसवलेले, डांबर फासलेले कापड. ती लाटेवर पानासारखी तरंगे; परंतु खडकावर आपटली की तिचे काही उरत नसे.

ज्या भूमीवर माती घडवावी लागते आणि लाकूड विकत आणावे लागते, त्या भूमीने विसाव्या शतकातील युरोपीय रंगभूमीला एक श्रेष्ठ शोकांतिका दिली. तीस वर्षांपूर्वीच्या त्या नाटकाला उत्तर द्यावे तशी दुसऱ्या एका बेटावरून पुढे काही आत्मचरित्रेही आली. बाहेरून आलेल्या लेखकाने पाहिलेले बेट आणि बेटावरच्या माणसाने स्वतः सांगितलेले बेट यांत काय अंतर असते, हे समजून घेण्यास या दोन्हींचा एकत्र विचार उपयोगी पडतो.

पॅरिसहून आलेला पाहुणा

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास, १८४५ ते १८४९ या काळात, बटाट्याच्या पिकावर पडलेल्या रोगामुळे आयर्लंडमध्ये भीषण दुष्काळ पडला. सुमारे दहा लाख माणसे मेली आणि साधारण तितकीच देश सोडून गेली. सर्वाधिक हानी झाली ती पश्चिमेकडील आयरिशभाषी कष्टकऱ्यांची. शाळा, नोकरी आणि परदेशगमन या तिन्हींसाठी इंग्रजी आवश्यक झाल्यामुळे आयरिश भाषा झपाट्याने मागे सरली. या ऱ्हासाला आवर घालण्यासाठी १८९३ मध्ये गेलिक लीग स्थापन झाली. राष्ट्रवादी तरुणांची दृष्टी साहजिकच पश्चिम किनाऱ्याकडे वळली, कारण जुनी भाषा व जुन्या कथा तेथेच अद्याप जिवंत होत्या.

जॉन मिलिंग्टन सिंग हा डब्लिनजवळच्या एका सधन प्रॉटेस्टंट कुटुंबात १८७१ मध्ये जन्मला. डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात तो आयरिश व हिब्रू या भाषा शिकला. पुढे जर्मनीत संगीताचा अभ्यास करून, तो नाद सोडून तो पॅरिसला येऊन राहिला. तेथे १८९६ च्या अखेरीस त्याची कवी डब्ल्यू. बी. येट्स याच्याशी भेट झाली. फ्रेंच साहित्यावर टीकालेख लिहीत बसण्यापेक्षा अ‍ॅरन बेटांवर जाऊन तेथल्या लोकांत राहावे, असा सल्ला येट्सने त्याला दिला. १८९८ च्या मे महिन्यात सिंग प्रथम तेथे गेला आणि त्यानंतर १९०२ पर्यंत दरवर्षी जात राहिला. इनिश मोरवर काही दिवस काढून तो मधल्या, अधिक एकाकी अशा इनिश मानवर गेला. कारण तेथे आयरिश भाषेचा वापर अधिक होता.

या मुक्कामांतून ‘द अ‍ॅरन आयलंड्स’ हे त्याचे पुस्तक सिद्ध झाले. ते १९०७ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यात सिद्धान्त थोडे आणि निरीक्षणे पुष्कळ आहेत. उदाहरणार्थ, बेटावरच्या घराला समोरासमोर दोन दारे असत व वारा ज्या बाजूचा असेल त्याच्या उलट बाजूचे दार उघडे ठेवीत. दक्षिणेचे दार उघडे असले म्हणजे दाराच्या चौकटीची सावली जमिनीवर सरकत जाई व तीवरून वेळ कळे. वारा फिरून उत्तरेचे दार उघडावे लागले, की घरातले घड्याळच बंद पडे आणि मग जेवणाच्या व चहाच्या वेळांचा मेळ राहत नसे. निसर्ग माणसाच्या दिनक्रमात किती खोलवर शिरलेला असतो, हे या एका तपशिलातून दिसते.

एकच दोर, एकच फळी

‘रायडर्स टु द सी’ ही सिंगची एकांकिका १९०४ च्या फेब्रुवारीत डब्लिनमध्ये प्रथम रंगमंचावर आली. तिचे कथानक थोडक्यात असे : मॉर्या या वृद्धेचा सासरा, नवरा आणि चार मुलगे समुद्राने आधीच नेले आहेत. पाचवा, मायकेल, बेपत्ता आहे. दूर उत्तरेस डॉनिगॉलच्या किनाऱ्याला लागलेल्या एका प्रेताचे कपडे धर्मगुरूंनी पाठवले आहेत. मुली ते गाठोडे आईच्या नकळत सोडतात. धाकटी नोरा मोज्याचे टाके मोजते. विणताना आपल्या हातून सुटलेले चार टाके तिला तेथे सापडतात आणि भावाच्या मृत्यूविषयी शंका उरत नाही. त्याच वेळी सहावा आणि शेवटचा मुलगा बार्टली घोडे विकण्यासाठी गॉलवेच्या जत्रेला निघतो. आई विनवते, तो थांबत नाही. नाटक संपते तेव्हा त्याचेही प्रेत घरात आणलेले असते.

या नाटकाचे सामर्थ्य मृत्यूंच्या संख्येत नाही. ते घरातल्या वस्तूंत आहे. भिंतीला टेकून ठेवलेल्या नव्या पांढऱ्या फळ्या मायकेलच्या शवपेटीसाठी मोठी किंमत मोजून आणलेल्या आहेत. अखेर त्या बार्टलीच्या कामी येतात. घरात नवा दोर एकच आहे. प्रेत सापडलेच तर पेटी कबरीत उतरवायला तो लागेल म्हणून आई तो राखून ठेवू पाहते, आणि मुलगा घोड्याला लगाम करण्यासाठी तोच घेऊन जातो. फळ्या आणताना खिळे आणायचे राहून गेले, हे शेवटी लक्षात येते. जेथे प्रत्येक वस्तू समुद्र ओलांडून आणावी लागते, तेथे एकाच दोरावर जिवंतांचा व मृतांचा सारखाच हक्क असतो. ही शोकांतिका दैवाची आहे तितकीच टंचाईचीही आहे.

यातील बरेच धागे सिंगने बेटावर प्रत्यक्ष ऐकलेले होते. डॉनिगॉलला लागलेले प्रेत आणि कपड्यांवरून भावाची ओळख पटवणारी बहीण यांची हकीकत त्याच्या प्रवासवर्णनात आहे. आपला बुडालेला मुलगा घोड्यावर बसून जाताना पाहणाऱ्या वृद्धेची गोष्टही तेथे आहे. सिंगने या गोष्टी एकाच घरात, एकाच दिवसात आणल्या. ही निवड त्याची होती.

त्याची भाषाही अशीच घडवलेली होती. त्याची पात्रे इंग्रजी बोलतात, परंतु त्या इंग्रजीची ठेवण आयरिश आहे. मराठी वाचकाला ही गोष्ट इंग्रजी वाचकापेक्षा लवकर उमगेल. ‘माझ्याजवळ पुस्तक आहे’ असे आपण म्हणतो. आयरिश माणूसही पुस्तक आपल्यापाशी ‘असते’ असेच म्हणतो, कारण त्याच्या भाषेत मालकी दाखवणारे इंग्रजीसारखे स्वतंत्र क्रियापद नाही. आपल्याला भूक ‘लागते’, तशी त्याच्या भाषेत भूक माणसावर ‘असते’. ‘आलास का?’ या प्रश्नाला ‘आलो’ असे क्रियापदानेच उत्तर देण्याची रीत त्याही भाषेत आहे. ही घडण इंग्रजीत उतरवून सिंगने एक नादमय नाट्यभाषा निर्माण केली. तथापि ती जशीच्या तशी कोणी बोलत नव्हते.

डब्लिनचे अ‍ॅबी थिएटर १९०४ च्या डिसेंबरमध्ये सुरू झाले. याच रंगमंचावर १९१३ मध्ये रवींद्रनाथांचे ‘डाकघर’ सादर झाले, हे भारतीय वाचकाला विशेष वाटेल. तेथे १९०७ च्या जानेवारीत सिंगचे ‘द प्लेबॉय ऑफ द वेस्टर्न वर्ल्ड’ आले आणि प्रेक्षागृहात दंगा उसळला. बापाला फावड्याने मारून पळालेल्या एका माणसाला बेटवाल्यांनी लपवून ठेवले व पुढे अमेरिकेला पोहोचवले, ही इनिश मानवर ऐकलेली गोष्ट या नाटकाचे बीज होती. नाटकात अशा तरुणाचे गावकरी कौतुक करतात, आणि मेलेला समजलेला बाप डोक्याला पट्टी बांधून परत येतो. पश्चिमेचा शेतकरी म्हणजे पावित्र्याची मूर्ती, असे मानणाऱ्या नागर प्रेक्षकांना हा अपमान वाटला. स्त्रीच्या अंतर्वस्त्राचा उल्लेख हे निमित्त ठरले. पोलिस बोलवावे लागले. दोन वर्षांनी, १९०९ मध्ये, वयाच्या सदतिसाव्या वर्षी सिंग मरण पावला.

बेट स्वतः बोलू लागते

अ‍ॅरनच्या दक्षिणेस, केरी परगण्याच्या टोकाशी, ग्रेट ब्लास्केट हे आणखी एक बेट आहे. सिंग १९०५ मध्ये तेथेही राहून गेला होता. त्याच्या मागोमाग भाषाभ्यासक येऊ लागले. १९०७ मध्ये नॉर्वेचा कार्ल मार्स्ट्रांडर आला, १९१० मध्ये ब्रिटिश म्युझियममधील रॉबिन फ्लॉवर आला. त्यांना आयरिश शिकवणारा गुरू होता तोमास ओ क्रिहन नावाचा एक कोळी. त्याने स्वतःच्या भाषेचे लिहिणे-वाचणे प्रौढपणी शिकून घेतले होते. ब्रायन ओ केली या पाहुण्याने त्याला गॉर्की व पिएर लोती यांची पुस्तके वाचून दाखवली. आपल्यासारख्याच कष्टकऱ्यांचे जीवन पुस्तकात येऊ शकते, ही जाणीव त्याला त्यांतून झाली. त्याचे आत्मचरित्र १९२९ मध्ये आयरिशमध्ये प्रसिद्ध झाले आणि १९३४ मध्ये फ्लॉवरने त्याचे इंग्रजी भाषांतर केले.

सिंगचे नाटक वाचून जो वाचक या पुस्तकाकडे वळतो, त्याला प्रथम आश्चर्य वाटते. मॉर्याइतकेच दुःख ओ क्रिहनच्याही वाट्याला आले होते. त्याची बहुतेक मुले त्याच्या देखत गेली. एक कड्यावरून पडून, एक बुडणाऱ्या तरुणीला वाचवू पाहताना. परंतु हे तो मोजक्या ओळींत सांगतो आणि पुढच्या कामाकडे वळतो, कारण त्याला वळावे लागले होते. सीलची शिकार, फुटलेल्या जहाजातून वाहून आलेला माल, करवसुलीला आलेल्यांची उडवलेली दाणादाण, थट्टामस्करी, लग्नाची बोलणी यांनी पुस्तक भरलेले आहे. नाटकात समुद्र नियती आहे. आत्मचरित्रात तो नियतीही आहे, पण त्याआधी कामाची जागा आहे.

मुरिश ओ सूलवान या तरुणाने १९३३ मध्ये आपल्या बालपणाचे आनंदी चित्र लिहिले. पेग सेअर्स ही निष्णात कथेकरी. तिने सांगितले, मुलाने लिहून घेतले, आणि १९३६ मध्ये तिचे आत्मचरित्र निघाले. ते पुढे अनेक दशके आयर्लंडमधील शाळांतून पाठ्यपुस्तक म्हणून लावले गेले. दीडदोनशे वस्तीच्या एका बेटावरून दहा वर्षांच्या आत तीन ग्रंथ निर्माण व्हावेत, ही वाङ्मयेतिहासातील विरळ घटना होय. अ‍ॅरनमध्येही लायम ओ फ्लॅहर्टी हा कादंबरीकार आणि मार्टिन ओ दिरान हा कवी बेटावरच जन्मले, वाढले.

पुस्तकातले बेट आणि नकाशावरचे बेट

साहित्याने निर्माण केलेले बेट कधीकधी खऱ्या बेटावर पसरते. रॉबर्ट फ्लॅहर्टीच्या ‘मॅन ऑफ अ‍ॅरन’ या १९३४ च्या चित्रपटात महाकाय शार्कची शिकार आहे. ती कला बेटावर केव्हाच लोपली होती. चित्रीकरणासाठी ती पुन्हा शिकवावी लागली. पडद्यावरचे कुटुंबही निरनिराळ्या घरांतली माणसे निवडून बनवलेले होते. अ‍ॅरनच्या प्रसिद्ध लोकरी सदऱ्याची कथाही अशीच आहे. प्रत्येक घराण्याचा विणीचा नमुना वेगळा असे व त्यावरून बुडालेल्याची ओळख पटे, असे पर्यटकांना सांगितले जाते. वस्तुतः ही वीण बेटावर फार जुनी नाही. या समजुतीला बळ मिळाले ते नोराने मोजलेल्या मोज्याच्या टाक्यांतून. नाटकातली खूण मात्र घराण्याची नव्हती. ती एका बहिणीच्या हातून झालेली चूक होती.

ब्लास्केटचा शेवट पुस्तकांना टाळता आला नाही. तरुण अमेरिकेला गेले, शाळा बंद पडली. १९४७ च्या आरंभी एक तरुण मेंदूच्या आजाराने मरण पावला. वादळामुळे त्याच्यापर्यंत ना डॉक्टर पोहोचू शकला, ना धर्मगुरू. त्या वर्षी बेटवाल्यांनी सरकारकडे मदत मागितली. अखेर १९५३ च्या नोव्हेंबरमध्ये शासनाने उरलेल्या थोड्या रहिवाशांना मुख्य भूमीवर हलवले. मुरिश ओ सूलवान ते पाहायला नव्हता; बेट सोडून तो पूर्वीच पोलिसात गेला होता आणि १९५० मध्ये गॉलवेजवळ समुद्रात पोहताना बुडाला होता.

अ‍ॅरनवर आजही वस्ती आहे, आयरिश बोलली जाते, आणि बोटी व लहान विमाने ये-जा करतात. ब्लास्केटवर मात्र छपरे गेलेली दगडी घरे उभी आहेत. समोरच्या किनाऱ्यावर, डंकिन येथे, १९९३ पासून त्या लेखकांचे स्मारक-केंद्र आहे. ज्या भाषेसाठी पाहुणे तेथे आले, ती त्या घरांतून गेली. तिच्यातील रोजचे बोलणे, कामाची नावे, शिव्या आणि विनोद ओ क्रिहन व पेग यांच्या पानांवर राहिले. सिंगच्या नाटकाने जगाला बेटाचा शोक दिला. बेटाचा दिवस कसा उगवत व मावळत असे, हे जाणून घ्यायचे असेल तर वाचकाला त्या कोळ्याच्या पुस्तकाकडे जावे लागते.