पाडल्या गेलेल्या लोहमार्गाची आठवण



शहरांतील एखादी जुनी वास्तु पाडली, म्हणजे तिची लांबी-रुंदी व बांधणीचें साल दप्तरांत राहतें. परंतु तेथून रोज जाणाऱ्या माणसाच्या डोळ्यांना ती कशी दिसे, हें कोठें नोंदलें जातें? सुमारें सहा मिनिटांच्या एका मूकपटांत या प्रश्नाचें उत्तर आहे. त्याचें नांव ‘दि वंडर रिंग’.

न्यूयॉर्कच्या मॅनहॅटन भागांत थर्ड ॲव्हेन्यू या रस्त्यावर लोखंडी खांबांवरून जाणारा एक लोहमार्ग होता. १८७८ सालीं सुरू झालेली ही गाडी लोकांच्या घरांच्या खिडक्यांजवळून धांवे. पुढें भुयारी गाड्या आल्या. खालच्या रस्त्यावरचा अंधार व गोंगाट लोकांना नकोसा झाला. आणि १२ मे १९५५ रोजीं मॅनहॅटनमधील ही वाहतूक थांबली.

ती थांबण्यापूर्वीं तिचें चित्रण व्हावें, असें जोसेफ कॉर्नेल या कलावंताला वाटलें. जुनीं चित्रें, बाटल्या, नकाशांचे तुकडे छोट्या पेट्यांत मांडून हरपलेला काळ जपणें, हीच त्याची कला. त्यानें हें काम स्टॅन ब्रॅकेज या बावीस वर्षांच्या तरुणावर सोपविलें.

ब्रॅकेजनें ना कथा सांगितली, ना माहिती दिली. त्याचा कॅमेरा प्रवाशाप्रमाणें स्थानकांत शिरतो आणि डब्यांतून बाहेर पाहत राहतो. खिडकीची जुनी काच सपाट नाहीं. त्यामुळें इमारती पाण्यांतील प्रतिबिंबाप्रमाणें हेलकावतात. आंतला डबा आणि बाहेरचें शहर काचेवर एकमेकांत मिसळतात. दुसऱ्या कोणीं ही काच दोषी म्हणून टाळली असती. ब्रॅकेजनें तिलाच जवळ केलें. आपली स्मृति तरी सरळ काच कोठें आहे? तींतहि आंतलें आणि बाहेरचें असेंच मिसळतें. कॉर्नेलनें पुढें याच चित्रणापासून दुसरा लघुपट केला. त्यांत चित्रण उलटें फिरविलें आणि नांवाचीं अक्षरेंहि उलट्या क्रमानें लिहिलीं.

मात्र एक गोष्ट विसरतां कामा नये. या मूकपटांत गाडीचा खडखडाट नाहीं, आणि खालच्या रस्त्यावर प्रकाश आल्यावर तेथील रहिवाशांना वाटलेलें समाधानहि नाहीं. जें एकाला सुंदर वाटलें, तें दुसऱ्याला जाचक होतें. म्हणून शहराचा एखादा भाग नाहींसा होतांना दप्तराची साक्ष घ्यावी, तशी डोळ्यांचीहि घ्यावी. आणि डोळे डब्यांत बसणाऱ्याचे असावेत, तसेच खालून चालणाऱ्याचेहि असावेत.