अलीभाई मुल्ला जीवनजी : पैसा होता, पण बरोबरीचा हक्क नव्हता

केनियाची राजधानी नैरोबीच्या मधोमध 'जीवनजी गार्डन्स' नावाची बाग आहे. ज्यांच्या नावाने ती ओळखली जाते ते अलीभाई मुल्ला जीवनजी आपल्याकडच्या पाठ्यपुस्तकांत सापडत नाहीत. म्हणून त्यांची थोडक्यात ओळख करून घेऊ.

कराचीहून मोंबासाला

अलीभाईंचा जन्म 1856 चा, कराचीतल्या दाऊदी बोहरा घराण्यातला. शाळेचं शिक्षण जेमतेम, पण तिजारतीची समज पक्की. 1886 मध्ये ते ऑस्ट्रेलियात गेले, अ‍ॅडलेडला व्यापार केला. 1890 मध्ये पूर्व आफ्रिकेतल्या मोंबासा बंदरात त्यांनी पेढी उघडली.

1896 मध्ये इंग्रजांनी मोंबासाहून युगांडा रेल्वेचं काम सुरू केलं. त्यासाठी हिंदुस्थानातून, मुख्यतः पंजाबातून, सुमारे 32 हजार मजूर नेले गेले. त्यातले जवळपास अडीच हजार तिथेच मरण पावले. मजूर आणणं, शिधा पुरवणं, इमारती बांधणं असे ठेके जीवनजींकडे होते. त्यांची दौलत यातूनच वाढली. ही गोष्ट सांगताना त्या मजुरांना विसरून चालणार नाही.

पुढे त्यांनी 'आफ्रिकन स्टँडर्ड' हे वर्तमानपत्र काढलं आणि 1905 मध्ये विकून टाकलं. नंतर तेच पत्र गोऱ्या वसाहतवाल्यांची बाजू मांडू लागलं! आज ते 'द स्टँडर्ड' या नावाने निघतं. नैरोबीत त्यांनी बाजार बांधला आणि 1906 मध्ये ती बाग शहराला दिली. बागेत राणी व्हिक्टोरियाचा पुतळाही बसवला.

व्यापारी राजकारणात का आला?

इंग्रज सरकार त्यांच्याकडून कामं करून घेत होतं, देणग्याही स्वीकारत होतं. पण केनियाच्या सुपीक, थंड हवेच्या डोंगराळ पट्ट्यात जमीन मिळायची ती फक्त गोऱ्यांना. 1908 मध्ये वसाहतमंत्री लॉर्ड एल्गिन यांनी या धोरणाला मान्यता दिली. शहरात स्वच्छतेचं कारण पुढे करून हिंदी वस्ती वेगळी ठेवण्याच्या हालचालीही चालू होत्या.

1909 मध्ये जीवनजींची विधिमंडळावर नेमणूक झाली. तिथले ते पहिले बिगर-गोरे सदस्य. पण एकट्या माणसाच्या मताने काय होणार? त्यांनी लंडन गाठलं, तिथल्या वर्तमानपत्रांतून भेदभावाची तक्रार मांडली. दुसऱ्यांदा त्यांना नेमलं गेलं नाही आणि पुढची कित्येक वर्षं हिंदी लोकांना त्या सभागृहात जागाच मिळाली नाही. 1914 मध्ये मोंबासात ईस्ट आफ्रिकन इंडियन नॅशनल काँग्रेस उभी राहिली, तिच्यामागे असलेल्या प्रमुख लोकांत जीवनजी होते.

एक उणीव

त्यांच्या विचारात एक मोठी उणीव होती, ती झाकून ठेवणं बरं नव्हे. पूर्व आफ्रिका हिंदुस्थानला जोडावी, म्हणजे तिथे दुसरा हिंदुस्थान उभा राहील, असंही त्यांनी म्हटलं होतं. पण जमीन मुळात ज्यांची, त्या आफ्रिकी लोकांना कोणी विचारलं होतं? 1923 मध्ये ब्रिटिश सरकारने केनियात आफ्रिकी हित सर्वांत वरचं असल्याचं जाहीर केलं, शहरांतली वेगळ्या वस्तीची सक्ती नाकारली. डोंगरपट्टा मात्र गोऱ्यांकडेच राहू दिला.

काय उरलं?

1936 मध्ये जीवनजींचा नैरोबीत इंतकाल झाला. 1991 मध्ये त्यांची बाग काढून तिथे वाहनतळ आणि दुकानं बांधायचा घाट घातला गेला. तेव्हा त्यांची नात जरीना पटेल उभ्या राहिल्या, नैरोबीकरांनी साथ दिली आणि बाग वाचली. आज तिथे कुणीही येऊन बसतं, सभा भरतात, सरकारवर टीकाही होते.

कमाई करा, मोठे व्हा, असं आपण मुलांना नेहमी सांगतो. त्याच्या जोडीला हेही सांगायला हवं की नुसत्या पैशाने बरोबरी मिळत नाही, ती मागावी लागते, आणि मागताना शेजाऱ्याचा हक्कही मोजावा लागतो. जीवनजींनी पहिली गोष्ट करून दाखवली. दुसरी त्यांच्याकडून राहिली, ती आपण शिकायची.