आडनावातला ‘नीस’

फडणीस, चिटणीस, पारसनीस, सबनीस, कारखानीस, वाकनीस. या आडनावांचे शेपूट एकच आहे आणि ते फारसी आहे. फारसीत ‘नविश्तन’ म्हणजे लिहिणे, आणि ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा. बहामनी आणि पुढच्या सुलतानांच्या कारभारातून हा शब्द मराठी कचेऱ्यांत रुळला आणि बोलता बोलता त्यातला ‘व’ झिजला. ‘फडणवीस’ या रूपात तो अजून शाबूत आहे, ‘फडणीस’मध्ये गळून गेला.

शेपूट ओळखले की पुढच्या अर्ध्या शब्दावरून काम कळते. चिटणीस चिठ्ठ्या, म्हणजे सरकारी पत्रव्यवहार लिहायचा. पारसनिसाकडे फारसी पत्रे वाचण्याचे आणि त्यांना उत्तरे देण्याचे काम. ‘वाकिया’ म्हणजे घडलेली गोष्ट, तेव्हा दरबारातल्या रोजच्या घडामोडींची नोंद ठेवणारा तो वाकनीस. फडणिसाबद्दल मात्र दोन मते आहेत. काही जण त्यात ‘फर्द’, म्हणजे कागदाचा सुटा ताव किंवा यादी, पाहतात; काहींना कचेरी या अर्थाचा मराठी ‘फड’ दिसतो. अर्थ कुठलाही धरा, हिशेबाचे दप्तर त्याच्याच हाती.

ही माणसे प्रत्यक्ष काय करत होती, ते गडावर सगळ्यात स्पष्ट दिसते. शिवकाळात एकट्या हवालदाराच्या भरवशावर गड सोडलेला नसे. त्याच्या जोडीला सरनोबत आणि सबनीस असत. सबनीस हजेरीपट आणि जमाखर्च सांभाळायचा. कारखानिसाकडे दाणागोटा, दारूगोळा आणि कोठारांचा हिशेब. सभासद बखरीत या नेमणुका वेगवेगळ्या जातींतून करण्याची रीत सांगितली आहे. हेतू उघड होता: सगळ्यांनी संगनमत करून गड शत्रूच्या हवाली करू नये. लेखणीवाल्यांवरही पहारा होताच.

१६७४च्या राज्याभिषेकाच्या सुमारास पदांना संस्कृत नावे मिळाली. राज्यव्यवहारकोश त्याच धोरणातून घडला. वाकनीस मंत्री झाला, सुरनीस सचिव, मुजुमदार अमात्य. तरी घराण्यांना चिकटलेले फारसी शब्द पुसले गेले नाहीत. गंमत अशी की नवी संस्कृत पदेही पुढे त्याच वाटेने गेली. भोरचे पंतसचिव आणि बावड्याचे पंत अमात्य ही घराण्यांचीच नावे होऊन बसली.

पदाचे आडनाव होते, कारण पद वंशपरंपरेने चालते. बाप चिटणीस, पुढे मुलगा चिटणीस, आणि सनदेवर, महजरावर, जमिनीच्या कागदावर नावापुढे तोच शब्द. दोन-तीन पिढ्यांत मूळ उपनाव फक्त भाऊबंदांना आणि कुलोपाध्यायांना ठाऊक उरते. नाना फडणवीस (१७४२ ते १८००) यांचे खरे नाव बाळाजी जनार्दन भानू. घराणे कोकणातल्या वेळासचे. पेशव्यांची फडणिशी त्यांच्या घरात आजोबांपासून होती. ‘भानू’ हे नाव इतिहासाच्या पुस्तकात एकदा वाचून आपण विसरतो. ‘फडणवीस’ विसरायची सोय नाही.

यावरून एक व्यवहाराची गोष्ट निघते, आणि लग्नाच्या बैठकीत ती हमखास निसटते. दोन घरांचे आडनाव चिटणीस आहे म्हणून ती एका कुळाची ठरत नाहीत. चिटणीस तर प्रत्येक सरदाराच्या पदरी असायचा! त्यामुळे चिटणीस कायस्थ प्रभूंत सापडतात तसे ब्राह्मणांतही. देशपांड्यांचेही तेच, आणि पाटलांबद्दल तर बोलायलाच नको. नाते तपासायचे तर गोत्र, कुलदैवत आणि मूळ गाव विचारावे.

पदे गेली, पण प्रत्यय कामावर आहे. पक्षाला, संघटनेला, कामगार युनियनला सरचिटणीस लागतो, आणि तो चिठ्ठ्यांपेक्षा भाषणेच जास्त करतो. शाळेवर किंवा हिशेबावर नजर ठेवणाऱ्याला मराठीने ‘तपासनीस’ हे नाव दिले. तिथे ‘नीस’ने लेखणी खाली ठेवली आहे, काम करणारा माणूस, एवढाच अर्थ उरला आहे.