राजपुत्र एडवर्डचे व्यक्तिचित्र आणि त्याची स्वामित्वपरंपरा

व्यक्तिचित्राच्या अभ्यासात चित्रकार, शैली आणि प्रतिमाविधान यांचा विचार प्राधान्याने केला जातो. चित्र कोणाच्या हातून कोणाकडे गेले, हा प्रश्न मात्र बहुधा तळटीपेपुरता उरतो. हान्स होल्बाइन धाकटा याने रंगविलेल्या इंग्लंडच्या राजपुत्र एडवर्डच्या चित्रापुरते तरी हे योग्य नाही. येथे चित्राचा अर्थ आणि त्याची मालकी परस्परांपासून वेगळी करता येत नाही.

एडवर्डचा जन्म १२ ऑक्टोबर १५३७ रोजी झाला आणि बाराच दिवसांनी त्याची माता जेन सेमूर मृत्यू पावली. ज्या वारसासाठी आठव्या हेन्रीने पहिला विवाह रद्द ठरवून रोमच्या धर्मसत्तेशी संबंध तोडले, तोच हा पुत्र. लाल टोपी, शुभ्र पीस व भरजरी बाह्या ल्यालेले हे बालक थेट समोर पाहते. एका हातात खुळखुळा आहे, पण तो राजदंडासारखा धरलेला. दुसरा हात आशीर्वाद द्यावा तसा उचललेला. खाली रिचर्ड मॉरिसन याच्या लॅटिन पद्यपंक्ती असून त्यांत पुत्राने पित्याचे अनुकरण करावे, असा उपदेश आहे. उपदेश बालकाला, स्तुती मात्र राजाची! चित्राचा खरा वाचक हेन्रीच होता.

१ जानेवारी १५३९ च्या नववर्षभेटींच्या राजदरबारी यादीत होल्बाइनने राजपुत्राचे चित्र अर्पण केल्याची नोंद आहे. त्याबदली राजाने त्याला सोन्याचा मुलामा दिलेला, झाकणाचा चांदीचा पेला दिला. त्या दिवशी एडवर्ड साडेचौदा महिन्यांचा होता आणि चित्रातील वय त्याच्याशी जुळते. तरीही नोंदीत चित्राचे वर्णन नाही. म्हणून ‘हेच ते चित्र’ हे विधान सबळ असले तरी अनुमानच आहे, हा भेद विद्यार्थ्यांसमोर ठेवणे आवश्यक ठरते.

सतराव्या शतकात हे चित्र अरंडेलचा अर्ल टॉमस हॉवर्ड या थोर संग्राहकाकडे होते. यादवी युद्धाच्या काळात तो इंग्लंड सोडून गेला व १६४६ मध्ये पादुआ येथे निधन पावला. त्याच्या आश्रयाने काम केलेल्या वेन्सेस्लाउस हॉलरने १६५० मध्ये या चित्रावरून अम्लकोरीव मुद्राचित्र केले. मूळ चित्राच्या प्रवासात असा साक्षीदार मिळणे भाग्याचेच.

पुढे चित्र जर्मनीतील हॅनोव्हरच्या राजघराण्याच्या संग्रहात आढळते. हे घराणे १७१४ मध्ये इंग्लंडच्या गादीवर आले, म्हणून चित्र राजवारशानेच त्यांच्याकडे आले असे मानण्याचा मोह होतो. तथापि मध्ये अरंडेल संग्रह असल्याने राजवंशाचा क्रम आणि चित्राचा क्रम एक समजणे चुकीचे ठरेल. १८६६ मध्ये प्रशियाने हॅनोव्हरचे राज्य खालसा केले. राज्य गेले, तरी चित्रसंग्रह घराण्याकडे राहिला.

१९२५ मध्ये अमेरिकेचे तत्कालीन अर्थमंत्री अँड्र्यू मेलन यांनी हे चित्र विकत घेतले. १९३७ मध्ये ते राष्ट्राला देण्यात आले. त्याच वर्षी मेलन वारले. वॉशिंग्टनची नॅशनल गॅलरी ऑफ आर्ट १९४१ मध्ये खुली झाली. या संस्थेला आपले नाव देऊ नये, असा मेलन यांचा आग्रह होता. चित्राच्या नोंदीत मात्र ‘अँड्र्यू डब्ल्यू. मेलन संग्रह’ असा उल्लेख आहे.