एका कुंडीतला शेजार

निवडुंग, कोरफड, शेर, पानफुटी ही मंडळी अंगात पाणी साठवतात एवढ्यावरून त्यांना एका वंशाची मानण्याचा प्रघात आहे. परंतु वनस्पतिशास्त्राच्या दप्तरात त्यांची कुळे निरनिराळी नोंदलेली आहेत. खरा कॅक्टस अमेरिका खंडातला. आपल्या माळरानांवर ठाण मांडून बसलेला फड्या निवडुंगदेखील समुद्रापलीकडूनच या मुलखात दाखल झाला. शेर व तीनधारी निवडुंग हे मात्र युफोर्बिया गणातले असून, त्यांचा पांढरा चीक डोळ्यांना फार अपायकारक असल्यामुळे त्यांची छाटणी जपूनच करावी. कॅक्टसचे काटे खोडावरील लवयुक्त ठिपक्यांतून फुटतात. ओळख पटविण्यास ही खूण पुरेशी आहे.

इतक्या भिन्न कुळांतील कितीतरी वनस्पतींनी पाणी राखण्याची एकच तजवीज स्वतंत्रपणे सिद्ध करावी, याचा मला सदैव विस्मय वाटत आला आहे. दिवसा रंध्रे मिटून त्या बाष्प आवरून धरतात आणि रात्रीच्या गारव्यात रंध्रे उघडून कार्बन डायऑक्साइड आम्लरूपाने साठवितात. पानफुटीचे पान सकाळी आंबट आणि दुपारी बेचव लागते, हे बेंजामिन हाइन या वनस्पतिज्ञाने हिंदुस्थानात प्रत्यक्ष चाखून पाहिले, आणि त्याचे ते निरीक्षण १८१५ मध्ये लंडनच्या लिनियन सोसायटीने प्रसिद्ध केले.

तेव्हा एका कुंडीत शेजार जमवावयाचा तो रूप किंवा कूळ पाहून जमवू नये. तहान, ऊन आणि विश्रांतीचा हंगाम ज्यांचा जुळतो त्यांनाच एकत्र आणावे. दक्षिण आफ्रिकेतील हावर्थिया झुडपांच्या सावलीत वाढते, तिला भर उन्हात तापणाऱ्या गोल कॅक्टसच्या शेजारी बसविणे हा अन्याय होय. मेक्सिकोच्या डोंगराळ प्रदेशातील एचेव्हेरियाला आपला उन्हाळा सोसत नाही. अडेनियम थंडीत पाने गाळून निजते, आणि त्या काळात त्याला मुबलक पाणी दिल्यास मूळ कुजते. मातीत भरड वाळू व विटांचे बारीक तुकडे निम्म्याने असावेत, कुंडी उथळ असली तरी तळाला भोक हवेच, आणि माती पुरती वाळल्याखेरीज पुन्हा पाणी घालू नये.

महाराष्ट्रात, विशेषतः कोकणात, या झाडांचा घात दुष्काळापेक्षा पावसाळाच अधिक करतो. म्हणून मृगापूर्वी कुंड्या छपराखाली, पण वारा खेळेल अशा जागी हलवाव्यात. एखाद्या कॅक्टसचा बुंधा मऊ पडलेला आढळल्यास तो तत्काळ उपटून, निरोगी भाग लागेपर्यंत कुजका अंश कापून टाकावा, काप सावलीत पूर्ण सुकू द्यावा आणि मग ते रोप कोरड्या वाळूत स्वतंत्र लावावे. शेजाऱ्यांचे पाणीही माती कोरडी होईतो बंद ठेवावे.