खेळाडू ते प्रशिक्षक: मैदान आणि तालीम

अमेरिकेत व्यावसायिक बास्केटबॉलपटू निवृत्तीनंतर, क्वचित त्याआधीही, महाविद्यालयीन संघांचे पगारी प्रशिक्षक होतात. डॉन स्टॅली यांनी २००० साली टेम्पल विद्यापीठाचा महिला संघ हाती घेतला तेव्हा त्या स्वतः व्यावसायिक लीगमध्ये खेळत होत्या, आणि पुढे त्यांच्या मार्गदर्शनाखाली साउथ कॅरोलायना विद्यापीठाने २०१७, २०२२ व २०२४ मध्ये राष्ट्रीय विजेतेपद पटकावले.

राहू या गावासह पुणे जिल्ह्याच्या ग्रामीण भागाला हीच वाटचाल तालमीतून परिचित आहे. तेथे आखाडा गाजवलेला मल्ल उतारवयात वस्ताद, म्हणजे डावपेच, खुराक आणि शिस्त या तिन्हींची जबाबदारी घेणारा गुरू, होतो. १९७० च्या एडिंबरा राष्ट्रकुल स्पर्धेतील सुवर्णपदकविजेते हरिश्चंद्र बिराजदार यांनी पुण्याच्या गोकुळ वस्ताद तालमीत मल्लांची पुढची पिढी घडवली. त्यांचे शिष्य राहुल आवारे यांनी २०११ मध्ये बिराजदारांच्या निधनानंतर अर्जुन पुरस्कारप्राप्त मल्ल काका पवार यांच्याकडे सराव सुरू ठेवला आणि २०१८ मध्ये राष्ट्रकुल सुवर्ण, तर २०१९ मध्ये जागतिक स्पर्धेत कांस्यपदक मिळवले. जानेवारी २०२० मध्ये बालेवाडीत झालेल्या महाराष्ट्र केसरीच्या अंतिम लढतीत समोरासमोर उभे राहिलेले हर्षवर्धन सदगीर आणि शैलेश शेळके हे दोघेही पवारांचेच पठ्ठे होते, व सदगीर विजयी झाले.

असा अनुभव तालमीपुरता मर्यादित राहू नये. महाविद्यालयांनी निवृत्त खेळाडूंना पूर्णवेळ, पगारी प्रशिक्षकपद दिले पाहिजे.